वीणा खाली ठेवायची नाही

इळैयराजा यांनी २००५ साली 'तिरुवासगम' या प्राचीन तमिळ शैव स्तोत्रांना बुडापेस्टच्या सिंफनी ऑर्केस्ट्राची आणि समूहस्वरांची जोड दिली. ते ऐकताना मन मात्र आमच्या महाड-पोलादपूरकडच्या हरिनाम सप्ताहात जाऊन बसते. तिथे ना स्वरलिपी, ना कंडक्टर. कीर्तनकाराने चरण उचलला की मागचे टाळकरी तो झेलतात आणि पखवाज लय सांभाळतो. पाश्चात्य समूहगानात आवाजांचे थर एकाच वेळी वेगवेगळे सूर धरतात. इथे सगळे एकाच चालीवर. तरी ते एकसुरी वाटत नाही. कुणाचा आवाज घोगरा, कुणाचा पातळ, कुणी अर्धी मात्रा मागे! (ताळेबंद जुळवण्यात हयात गेलेल्या माझ्यासारख्या बँकवाल्याला ही न जुळणारी अर्धी मात्राच फार आवडते.)

चिंता आहे ती माणसांची. सप्ताह उठेपर्यंत वीणा खाली ठेवायची नसते; दिवसरात्र पहारे लागतात. तरणी माणसे मुंबईला. पहाऱ्यांची यादी करताना गावकऱ्यांची दमछाक होते. मग चाकरमान्यांना फोन जातात. रजा काढून ते रात्रीच्या एस.टी.ने येतात, आणि पहाटे तीनचा पहारा बहुधा त्यांच्याच वाट्याला येतो.