लॉकिनआयलंड : एका सामन्याची रात्र आणि नंतरची तीस वर्षे

१८ जून १९९४ रोजी अमेरिकेत न्यूयॉर्कजवळच्या जायंट्स स्टेडियमवर विश्वचषक फुटबॉलमध्ये आयर्लंड आणि इटली यांची गाठ पडली. सुरुवातीलाच रे हॉटनने गोल केला आणि तीन वेळच्या जगज्जेत्यांवर आयर्लंडची आघाडी अखेरपर्यंत टिकली. हा संघ आयर्लंड प्रजासत्ताकाचा. पण सीमेपलीकडे, ब्रिटिश अंमलाखालच्या उत्तर आयर्लंडमधले कॅथलिकही त्याला आपलाच मानत.

उत्तर आयर्लंडच्याच डाउन परगण्यातल्या लॉकिनआयलंड या खेड्यात ‘द हाइट्स’ या छोट्या पबमध्ये गावकरी टीव्हीवर हा सामना पाहत होते. उत्तरार्ध चालू असताना अल्स्टर व्हॉलंटिअर फोर्स (यूव्हीएफ) या प्रॉटेस्टंट सशस्त्र संघटनेचे मारेकरी आत घुसले आणि एकाने रायफलीतून बेछूट गोळ्या झाडल्या. बहुतेकांची पाठ दाराकडे होती. सहा जण ठार, पाच जखमी झाले. मृत सगळे कॅथलिक, त्यांतले सर्वांत वयस्क ८७ वर्षांचे. दोनच दिवसांपूर्वी बेलफास्टच्या शँकिल रोडवर यूव्हीएफच्या माणसांवर गोळीबार झाला होता. त्याचा सूड या गावावर उगवला गेला. या माणसांचा त्याच्याशी काडीचाही संबंध नव्हता.

मारेकऱ्यांची मोटार दुसऱ्याच दिवशी एका शेतात बेवारस सापडली. पुढे रायफलही मिळाली. इतके हाती असून आजवर एकालाही शिक्षा झालेली नाही. मोटार पोलिसांनीच मोडीत काढली. तपासाची काही कागदपत्रे नष्ट झाली, त्यासाठी ॲस्बेस्टॉसच्या बाधेचे कारण दिले गेले. पुरावा हरवणे एकवेळ समजू शकते. तो ज्यांनी जपायचा त्यांच्याच हातून जाणे समजण्यापलीकडचे आहे.

पोलीस लोकपालांच्या २०११ च्या अहवालाला पोलीस आणि मारेकरी यांच्यातल्या संगनमताचा पुरेसा पुरावा दिसला नाही. कुटुंबे न्यायालयात गेली आणि तो अहवाल रद्दबातल ठरला. मधल्या काळात, १८ जून २०१२ ला, पोलंडमधल्या पोझनानला युरो स्पर्धेत पुन्हा इटलीशीच सामना आला, तेव्हा आयरिश खेळाडू दंडाला काळ्या फिती बांधून उतरले. नवे लोकपाल मायकेल मॅग्वायर यांनी २०१६ मध्ये काही पोलीस आणि मारेकरी यांच्यात संगनमत होते, असे निःसंदिग्धपणे नोंदवले.

२०१७ च्या ‘नो स्टोन अनटर्न्ड’ या माहितीपटात संशयितांची नावे आली. पोलिसांनी २०१८ मध्ये अटक केली ती मात्र माहितीपट करणाऱ्या ट्रेव्हर बर्नी आणि बॅरी मॅकॅफ्री या पत्रकारांना. पुढच्या वर्षी न्यायालयाने झडतीची वॉरंटे रद्द केली आणि पोलिसांना या पत्रकारांना भरपाई द्यावी लागली. बातमीचा स्रोत शोधण्यासाठी पोलिसांनी त्यांच्यावर पाळत ठेवली, तीही बेकायदा होती, असा निर्वाळा डिसेंबर २०२४ मध्ये लंडनच्या न्यायाधिकरणाने दिला.