काचेवरचं रेडियम: गैरसमज आणि वस्तुस्थिती

कोकमाच्या आगळाच्या बाटलीवर घरगुती उद्योगाचं नाव टाकायचं असो की बारशाच्या ग्लासवर बाळाचं, आपण रेडियमवाल्याकडे जातो. त्याच्याकडच्या स्टिकरमध्ये रेडियम हे मूलद्रव्य नसतंच. ती पीव्हीसीची, म्हणजे व्हिनाईलची, मागे गोंद लावलेली पातळ फिल्म असते. किरणोत्सर्गाची भीती सोडून द्या.

'रत्नागिरीची हवा दमट, इथे काही चिकटत नाही,' हेही सहज बोललं जातं. खरा अडसर असतो काचेवरचा थर. फ्रीजमधून काढलेल्या बाटलीवर क्षणात पाणी धरतं. लोणच्याच्या बरणीवर तेलाचा ओघळ असतो, स्वच्छ दिसणाऱ्या ग्लासवरही बोटांचा तेलकटपणा असतो. नुसत्या साबणाने तो नीट जात नाही, उलट साबणच मागे राहतो. म्हणून काच धुऊन पूर्ण कोरडी करा, मग आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा आणि नक्षीच्या जागी पुन्हा बोट लावू नका. हाताचा सॅनिटायझर इथे चालत नाही, कारण त्यात बहुधा ग्लिसरीन असतं. फिल्मचा गोंद दाबाने पकड घेतो, त्यामुळे मधून कडेकडे घासत दाबा. पूर्ण पकडीला 24 ते 72 तास द्या. घाईने त्याच संध्याकाळी धुतलेल्या ग्लासची नक्षी आधी अक्षरांच्या टोकांपासून उचलते.

'वॉटरप्रूफ आहे, कसंही धुवा' हा समज सर्वांत महागात पडतो. फिल्म पाण्याने विरघळत नाही, पण डिशवॉशरची उष्णता, कडक डिटर्जंट आणि तारेची घासणी तिच्या कडा सोडवतात. हाताने, मऊ स्पंजने धुवा. खरेदी करतानाच कायमस्वरूपी प्रकार मागा. भिंतीवरून सहज निघणारा प्रकार रोजच्या धुण्यात टिकत नाही.

पारदर्शक रंगीत व्हिनाईलने खिडकीला कायमची रंगीत काच मिळते, असंही वाटतं. पण रत्नागिरीत 1910 साली बांधून झालेल्या थिबा राजवाड्याच्या रंगीत काचांत रंग काचेतच मुरलेला आहे. व्हिनाईल वरून चिकटवलेलं असतं, उन्हात ते फिकटतं. खिडकीसाठी सुंदर, पण काही वर्षांपुरतं.

एक गोष्ट मात्र पाळाच. हे साहित्य सहसा अन्नाच्या संपर्कासाठी प्रमाणित नसतं. ग्लासच्या आत ते कधीच लावू नका, आणि बाहेरूनही काठापासून किमान 2 सेंटिमीटर जागा मोकळी सोडा.