रज म्हणजे काय हो ताई?

आज बचतीचं बोलायचं नाही, हप्त्याचंही नाही. आज एका शब्दाबद्दल बोलू या. शब्द आहे 'रज'. रोजच्या बोलण्यात आपल्यापैकी कुणी तो वापरत नाही. पाळीला आपल्याकडे शंभर नावं आहेत. कावळा शिवला, बाहेरची आहे, अडचण आली, बाजूला बसली. पण 'मला रज आलं' असं म्हणणारी बाई आम्हाला अजून भेटलेली नाही. तरीही हा शब्द कीर्तनात कानावर येतो, पोथीत येतो आणि दवाखान्याच्या कागदावरही येतो. तिन्ही ठिकाणी त्याचा अर्थ वेगळा असतो, आणि तिथेच घोटाळा होतो.

आमच्या गटांसाठी मध्यंतरी आरोग्य तपासणीचं शिबिर झालं. अर्जात एक रकाना होता, 'रजोनिवृत्ती झाली आहे का? होय / नाही'. निम्म्या जणींनी तो कोराच सोडला. एका काकूंनी विचारलं, "ताई, रजा आणि निवृत्ती दोन्ही एकदम? आम्हाला तर आजवर दोन्हीतलं एकही कुणी दिलं नाही." सगळ्या हसल्या. 'रजा' हा शब्द अरबी-फारसीतून आला, 'रज' हा संस्कृत. दोघांचं नातं नाही. पण काकूंचं म्हणणं काही अगदीच चूक नव्हतं!

तर रज म्हणजे मुळात काय? सगळ्यात ओळखीचा अर्थ धूळ. सकाळी कौलातून उन्हाचा कवडसा घरात येतो, त्यात बारीक कण नाचताना दिसतात, ते रज. संतांच्या पायांची धूळ म्हणजे चरणरज, आणि वारीत ती आपण कपाळाला लावतो. फुलातल्या परागालाही जुन्या भाषेत पुष्परज म्हणतात. जैन धर्मात कर्माला रज म्हटलं आहे. आत्म्याला चिकटणारी अतिशय बारीक धूळ, असा तो विचार आहे. कोल्हापूर-सांगलीकडच्या आमच्या जैन मैत्रिणींनी तो प्रवचनात ऐकला असेल.

दुसरा अर्थ गुणाचा. सत्त्व, रज, तम हे तीन गुण. सांख्य दर्शनात सगळी सृष्टी या तीन गुणांची बनलेली मानतात, आणि गीतेचा चौदावा अध्याय त्यांच्यावरच आहे. यातला रज म्हणजे हालचाल, धडपड, हाव. हा गुण प्रत्येकात असतो. पुरुषात असतो, बाईत असतो, लहान पोरातही असतो. निवडणुकीला उभ्या राहिलेल्या माणसात तर जरा जास्तच असतो.

तिसरा अर्थ बाईच्या पाळीचा. रजस्वला म्हणजे पाळी आलेली बाई. 'रज'चं नातं रंगण्याच्या धातूशी जोडतात. रंग, रंजन हे शब्दही तिथलेच मानतात. आयुर्वेदाने हा अर्थ घेतला आणि त्याचा नीट विचार केला. सुश्रुतसंहितेत लिहिलंय, की रज साधारण बाराव्या वर्षी सुरू होतं आणि पन्नाशीच्या सुमारास थांबतं. आजच्या डॉक्टरांना विचारा, तेही याच्या जवळपासचंच वय सांगतील. आम्हाला मात्र याहून दुसरी एक गोष्ट जास्त महत्त्वाची वाटते. अंगावरचं दूध आणि रज ही दोन्ही रसधातूपासून होतात, असं आयुर्वेद सांगतो. उगम एकच. मग दूध तेवढं अमृत झालं आणि रज विटाळ, ते कसं?

विटाळाचा हा प्रश्न आपल्याआधी सातशे वर्षांपूर्वी एका बाईने विचारला होता. चोखामेळ्यांच्या पत्नी सोयराबाई. विटाळ देहातच आहे, देह त्यातूनच घडतो, तर मग सोवळा राहिला कोण, असं त्यांनी अभंगातून विचारलं. त्या काळी, आणि तेही त्यांच्या जातीतल्या बाईने हे विचारायला किती धीर लागला असेल!

आता घोटाळ्याकडे येऊ. हल्ली मोबाइलवर एक भाषण फिरतंय, गटातल्या दोघी-तिघींनी आम्हाला ऐकवलं. पाळीत बाईचा रजोगुण वाढतो, म्हणून तिने स्वयंपाकाला हात लावू नये, लोणच्याला शिवू नये, हे सगळं विज्ञान आहे, असं त्यात सांगतात. जरा थांबून बघा काय केलंय ते. शब्द एकच दिसतोय म्हणून दोन अर्थ एकमेकांना जोडून टाकले. गुणातला रज वेगळा, पाळीतलं रज वेगळं. गीतेच्या चौदाव्या अध्यायात पाळीचं नावसुद्धा नाही. आणि विज्ञान म्हणाल, तर ते सत्त्व-रज-तम मोजतच नाही. त्याच्याकडे त्याचं मापच नाही. सावकाराकडचा 'व्याज' आणि कवितेतला 'व्याज' एकच धरला तर हिशेब जुळेल का?

विज्ञान काय सांगतं? दर महिन्याला गर्भपिशवीच्या आत एक मऊ अस्तर तयार होतं. गर्भ राहिला तर त्याची गादी व्हावी म्हणून. राहिला नाही, तर अंडाशयातून येणारी संप्रेरकं कमी होतात आणि ते अस्तर रक्ताबरोबर बाहेर पडतं. पाळी म्हणजे एवढंच. 'खराब रक्त' वगैरे काही साठलेलं नसतं. एका पाळीत साधारण ३० ते ४० मिली रक्त जातं, म्हणजे चहाचा छोटा कप अर्धासुद्धा भरत नाही. ८० मिलीच्या वर गेलं, किंवा सात दिवसांहून जास्त चाललं, तर ते जास्त समजायचं. आपल्याकडे मात्र 'माझं आईसारखंच आहे, जास्तच जातं' म्हणून वर्षानुवर्षं सोसतात. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत २०१९ ते २०२१ या काळात महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या शंभर बायकांत ५४ जणींच्या अंगात रक्त कमी होतं. सगळं काही पाळीमुळे नसतं, खाण्यामुळेही असतं. पण जास्त जाणं हे त्यातलं एक कारण आहेच.

धर्माच्या बाजूनेही रज म्हणजे फक्त विटाळ असं सगळीकडे नाही. ओडिशात जूनच्या मध्याला रज नावाचाच तीन दिवसांचा सण असतो. त्या दिवसांत धरणीला पाळी येते अशी श्रद्धा आहे. म्हणून नांगर चालवायचा नाही, जमीन खणायची नाही. मुली नवे कपडे घालून झाडाच्या झोक्यावर झुलतात, पोडपिठा नावाची भाजलेली गोड पोळी-केकसारखी वस्तू खातात, बायकांना कामाला सुट्टी असते. चौथ्या दिवशी धरणीला स्नान घालतात. आसामात कामाख्या देवीचं मंदिरही आषाढात याच कारणाने तीन दिवस बंद असतं, आणि उघडल्यावर दर्शनाला मोठी गर्दी होते. धरणीची आणि देवीची पाळी अशी मानाची. आपल्याकडे मात्र ऋषिपंचमी आहे. पाळीच्या काळात नकळत शिवाशिव झाली, त्याचा दोष जावा म्हणून. त्या कहाणीत पाळी न पाळलेली बाई पुढल्या जन्मी कुत्री होते. बैलाच्या कष्टाचं न खाता केलेली ऋषीची भाजी आम्हालाही फार आवडते, व्रताला आम्ही नावं ठेवत नाही. पण कहाणी आमच्या गळी उतरत नाही, हेही खरं.

ऋषिपंचमीचं एवढ्यासाठी सांगितलं, की आपल्याकडे कितीतरी जणी पाळी गेल्यावर हे व्रत धरतात, किंवा त्याचं उद्यापन करतात. म्हणजे धर्माच्या हिशेबात ती बाई सुटली. आता तिला सगळीकडे मोकळीक. आमच्या एका गटातल्या मावशींचं असंच झालं होतं. पाळी जाऊन तीन वर्षं झाली, उद्यापन झालं, देवघराची सगळी जबाबदारी त्यांच्याकडे आली. आणि मग एक दिवस अंगावरून थोडं लाल गेलं. पुढल्या महिन्यात पुन्हा. त्यांनी कुणालाही सांगितलं नाही. सांगायचं कसं? सुनेला कळलं तर देवघर सुटणार, सगळं पुन्हा सुरू होणार. सात महिने त्या गप्प बसल्या. मासिक बैठकीला येताना काळा परकर घालून यायच्या, हे नंतर कळलं.

रजोनिवृत्ती या शब्दाचा डॉक्टरांचा अर्थ इथे नीट कळायला हवा. सलग बारा महिने पाळी आली नाही, दुसरं काही कारणही नाही, तर रजोनिवृत्ती झाली असं ते मानतात. हे साधारण ४५ ते ५५ या वयात होतं. चाळिशीच्या आत झालं तर ते लवकर, आणि दाखवायला हवं. त्या आधीची दोन-चार वर्षं पाळी पुढे-मागे होते, अंगातून वाफा निघाल्यासारखं होतं, झोप उडते, चिडचिड होते. तेही त्यातलंच. पण ते बारा महिने पुरे झाल्यावर जे काही लाल जाईल, थेंबभर असो, एकदाच असो, त्याला पाळी म्हणायचं नाही. 'पाळी परत आली', 'पुन्हा तरुण झाले', असं काही नसतं. बहुतेक वेळा कारण साधं निघतं. आतली कातडी कोरडी पडलेली असते, किंवा अस्तरावर छोटा कोंब असतो. पण काही जणींत ती गर्भपिशवीच्या कॅन्सरची पहिली खूण असते, आणि हा कॅन्सर वेळेत कळला तर बरा होण्याची शक्यता चांगली असते. म्हणून वाट बघायची नाही. डॉक्टर आतून तपासतात, सोनोग्राफी करतात, लागलं तर अस्तराचा तुकडा तपासायला पाठवतात.

मावशींचा तुकडा तपासला. कॅन्सर निघाला, पण पसरलेला नव्हता. ऑपरेशन झालं. आता त्या बैठकीला येतात, वहीवर सही करतात आणि कुणी उशिरा आलं की ओरडतातही. देवघर कुणाकडे आहे, ते आम्ही विचारलेलं नाही.

आता याच्या अगदी उलटी गोष्ट. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड करणाऱ्या बायकांची गर्भपिशवी मोठ्या संख्येने काढली जाते, ही बातमी २०१९ मध्ये सगळीकडे गाजली. तेव्हा विधान परिषदेच्या उपसभापती नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली सरकारने समिती नेमली. ८२ हजारांवर बायकांची पाहणी झाली, त्यात १३ हजारांहून जास्त जणींची पिशवी काढलेली निघाली. अंगावरून पांढरं जातंय, पाळीत पोट दुखतंय, एवढ्यावर कितीतरी जणींना 'पिशवी काढून टाका, कटकट जाईल' असं सांगितलं जातं. फडावर पाळी आली की खाडा पडतो, खाड्याचे पैसे कापले जातात, मग बाईलाही ते बरं वाटतं. रजापासून सुटका!

पण ही रजोनिवृत्ती नव्हे, मैत्रिणींनो. पिशवी काढली आणि अंडाशय ठेवले, तर रक्त जाणं थांबतं, पण अंडाशयाचं काम चालू राहतं. अंडाशयही काढले, तर शरीराला जो बदल सावकाश व्हायचा तो एका दिवसात सोसावा लागतो. तिशीतल्या बाईची हाडं त्याने लवकर ठिसूळ होतात, हृदयाच्या आजाराचा धोका वाढतो. म्हणून ऑपरेशन झालेल्या प्रत्येकीने आपला कागद शोधून बघा, अंडाशय ठेवलेत की काढलेत. कागद कळत नसेल तर आशाताईंकडून वाचून घ्या. आणि ज्यांना ऑपरेशन सांगितलंय, त्यांनी आधी दुसऱ्या डॉक्टरांना, शक्यतो सरकारी दवाखान्यात, एकदा दाखवा. पिशवीला खरंच आजार असेल तर ती काढावीच लागते. मावशींची काढलीच ना.

डॉक्टरांसमोर लाज वाटते, शब्द सुचत नाही, असं बऱ्याच जणी म्हणतात. शब्द कुठलाही चालेल. पाळी म्हणा, अडचण म्हणा, रज म्हणा. डॉक्टरांना हवं असतं ते वेगळंच. शेवटची पाळी कधी आली, किती दिवस गेलं, दिवसाला किती कापडं किंवा पॅड बदलले, गाठी पडल्या का, मधेच गेलं का. हे ऐनवेळी आठवत नाही. आमच्या गटांत आता आम्ही एक सोपी सवय लावली आहे. भिंतीवरच्या कॅलेंडरवर दुधाचा खाडा आणि सिलिंडरची तारीख आपण लिहितोच, तिथेच त्या दिवशी लाल पेनाने एक टिंब. जास्त गेलं तर दोन टिंबं. कुणाला कळायला नको असेल तर बचतीच्या पासबुकाच्या शेवटच्या पानावर लिहा, ते सहसा घरातलं कुणी उघडत नाही. पंचेचाळिशीच्या पुढच्या मैत्रिणींनी जुनं कॅलेंडर टाकू नका. बारा महिने एकही टिंब नाही आणि तेराव्यात आलं, तर ते कॅलेंडरच काढून पिशवीत घाला आणि दवाखान्यात न्या.