स्थानापन्न पदोन्नती आणि सेवाज्येष्ठतेचे वाद

पदोन्नतीच्या शासकीय आदेशात एक वाक्य बहुधा ठरलेले असते. प्रस्तुत पदोन्नती निव्वळ तात्पुरत्या स्वरूपाची असून तीमुळे सेवाज्येष्ठतेचा अथवा नियमित पदोन्नतीचा हक्क प्राप्त होणार नाही, असा त्याचा आशय. आदेश हाती पडतो त्या दिवशी त्याकडे कोणी फारसे लक्ष देत नाही. पेढे वाटले जातात, पदभार स्वीकारला जातो. दहा-बारा वर्षांनी ज्येष्ठता सूची प्रसिद्ध होते आणि मागाहून सेवेत आलेल्या अधिकाऱ्याचे नाव आपल्या वर आढळते, तेव्हा मात्र ते वाक्य आठवते.

अशी पदोन्नती देणे प्रशासनास अनेकदा भागच पडते. सेवाप्रवेश नियम अंतिम झालेले नसतात, लोकसेवा आयोगामार्फत उमेदवार येण्यास अवधी लागतो, एखादा अधिकारी दीर्घ रजेवर किंवा प्रतिनियुक्तीवर जातो. काम थांबविता येत नाही. म्हणून कनिष्ठ संवर्गातील अनुभवी कर्मचाऱ्यास वरच्या पदावर स्थानापन्न म्हणून नेमले जाते. हे काही महिन्यांपुरते असावे अशी अपेक्षा असते. ती महिन्यांची वर्षे होतात, हे या प्रश्नाचे खरे मूळ होय.

स्थानापन्न कर्मचाऱ्याचा पदावर हक्क किती, याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने 1957 साली पुरुषोत्तमलाल धिंग्रा विरुद्ध भारत संघ या रेल्वे सेवेतील प्रकरणात दिले. स्थानापन्न व्यक्तीस त्या पदावर राहण्याचा हक्क नसतो. तिला मूळ पदावर परत पाठविणे ही एरवी शिक्षा ठरत नाही. परंतु गैरवर्तनाबद्दल दंड म्हणून पदावनती केली असेल, तर संविधानाच्या अनुच्छेद 311 नुसार चौकशी व बाजू मांडण्याची संधी आवश्यक ठरते.

ज्येष्ठतेचा प्रश्न याहून बिकट आहे, आणि त्याचे सर्वांत बोलके उदाहरण महाराष्ट्रातलेच आहे. शासनाच्या अभियांत्रिकी सेवेत उपअभियंत्याचे पद सरळसेवेने आणि पदोन्नतीनेही भरले जाई. सरळसेवेने आलेल्यास परिवीक्षा संपताच स्थायित्व मिळे. पदोन्नत अभियंता मात्र वर्षानुवर्षे स्थानापन्नच राही. 1960 च्या नियमांनी ज्येष्ठता स्थायित्वाशी जोडलेली असल्याने, आधी काम करू लागलेला माणूस सूचीत मागे पडे. एस. बी. पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1977 मध्ये ही कसोटी समान संधीच्या तत्त्वाविरुद्ध ठरविली. कोणास केव्हा कायम करावे हे प्रशासनाच्या सवडीवर अवलंबून असते. अशा बेभरवशाच्या गोष्टीवर माणसाचे पुढील सारे सेवाजीवन टांगून ठेवता येत नाही, असा त्या निर्णयाचा रोख होता.

त्यानंतर शासनाने 1982 साली नवे नियम केले. आता सरळसेवेतील अभियंते न्यायालयात गेले. अखेर 2 मे 1990 रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निर्णय दिला. साठच्या दशकातील नेमणुकांचा वाद नव्वदपर्यंत चालला, म्हणजे कित्येकांची अवघी नोकरी त्यात सरली. निवृत्तीनंतर मिळालेल्या न्यायाने वेतनाचा फरक मिळू शकतो, कार्यकारी अभियंत्याची खुर्ची मिळत नाही.

या निर्णयाने घालून दिलेले सूत्र आजही आधारभूत मानले जाते. नेमणूक नियमानुसार झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिनांकापासून मोजावी, स्थायित्वाच्या नव्हे. नेमणूक नियम डावलून, केवळ काम भागविण्यासाठी तदर्थ केली असेल, तर तो काळ धरता येणार नाही. या दोहोंच्या मधली स्थितीही न्यायालयाने ओळखली: कार्यपद्धतीत काही उणीव राहिली, पण कर्मचारी नियमानुसार नियमित होईपर्यंत त्या पदावर अखंड राहिला, तर ती सेवा मोजली जाते. बहुतेक वाद याच मधल्या पट्टीत घडतात. उणीव कार्यपद्धतीची होती की पात्रतेचीच, हे प्रत्येक प्रकरणाची कागदपत्रे पाहूनच ठरते. आदेशात ‘तदर्थ’ हा शब्द वापरला एवढ्याने निकाल लागत नाही, हे दिल्लीच्या उच्च न्यायिक सेवेसंबंधीच्या 2000 सालच्या निर्णयानेही स्पष्ट केले आहे.

येथे एक गल्लत टाळावयास हवी. शेजारच्या गावाचा अतिरिक्त कार्यभार सांभाळणारा ग्रामसेवक पदोन्नत झालेला नसतो; कार्यभार कितीही लांबला तरी त्याचे मूळ पद बदलत नाही. तसेच, आरंभीची भरतीच जाहिरात व स्पर्धेविना झालेल्या तात्पुरत्या कर्मचाऱ्यांचा प्रश्न निराळा असून त्यास 2006 सालचा उमादेवी प्रकरणातील निर्णय लागू होतो. केवळ दीर्घ सेवेच्या बळावर कायम होण्याचा हक्क त्या निर्णयाने नाकारला.

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण 1991 पासून कार्यरत आहे. मुंबईखेरीज नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथे त्याची खंडपीठे आहेत. अंतिम आदेशापासून एक वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. अभिवेदनास उत्तरच न आल्यास सहा महिने वाट पाहून त्यापुढील एक वर्ष मिळते. खाजगी शाळेतील शिक्षकास मुख्याध्यापकपदाच्या पदोन्नतीत व्यवस्थापनाने डावलले असेल, तर 1977 च्या अधिनियमान्वये शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते, आणि तेथे मुदत अवघ्या 30 दिवसांची आहे. स्मरणपत्रे पाठवीत राहिल्याने यांपैकी कोणतीही मुदत वाढत नाही.