घोडा आणि माणूस : दोन्ही पाय एकाच बाजूला

आज तांग राजवटीतल्या पोलो खेळणाऱ्या चिनी बायकांविषयी लिहायचं ठरलं होतं. त्या आता पुढच्या आठवड्यात. तेराशे वर्षं थांबल्या आहेत, आणखी सात दिवस थांबतील. मध्ये आलं ते कोल्हापूरच्या एका वाचक भगिनीचं पत्र. सिथियन स्त्रियांवरचा मागचा लेख वाचून त्या विचारतात, "अडीच हजार वर्षांपूर्वी त्या बायका सरळ मांड ठोकून बसत होत्या, मग जुन्या इंग्रजी सिनेमांतल्या मडमा दोन्ही पाय एकीकडे टाकून का बसतात? आणि त्या पडत कशा नाहीत? मी स्कूटरवर मागे तशी बसते तेव्हा नवऱ्याचा खांदा सोडत नाही!"

प्रश्न दोन आहेत. दुसरा आधी घेतो, कारण तो माझा विशेष लाडका आहे.

त्या बैठकीसाठी वेगळं जीन असतं, साइडसॅडल. जुन्या घोडेसामानाच्या एका संग्राहकाकडे असं एक जीन लाकडी घोडीवर चढवून ठेवलेलं होतं. त्यांनी मला बसून बघू दिलं. बैठक रुंद आणि सपाट, वर हरणाचं मऊ कातडं, म्हणजे घसरायला नको. उजव्या बाजूला रिकीब नाहीच. डाव्या अंगाला मात्र पुढच्या बाजूला दोन शिंगं, एक वर आणि एक खाली, दोन्हींवर कातडं मढवलेलं. उजवी मांडी वरच्या शिंगावरून टाकायची आणि पोटरी घोड्याच्या डाव्या खांद्यालगत खाली सोडायची. डावी मांडी खालच्या शिंगाच्या पोटात घ्यायची, डावा पाय रिकिबीत. एवढं करून पाठ ताठ केली की लक्षात येतं, आपण एका बाजूला बसलेलोच नाही. कंबर, खांदे, नजर सगळं घोड्याच्या कानांच्या दिशेनं सरळ आहे. डावीकडे आहेत ते फक्त पाय.

स्कूटरवरच्या बैठकीत आणि हिच्यात फरक आहे तो हाच. स्कूटरवर तुम्ही अख्ख्या आडव्या बसता. इथे शरीराचा भार उजव्या मांडीवरून सरळ घोड्याच्या कण्यावर पडतो. आणि घोडा बिथरला, उधळला, तर? उजवा पाय खाली दाबायचा आणि डावी मांडी वर रेटायची. दोन शिंगांभोवती दोन पायांची अशी काही पकड बसते की लाकडी घोडीवरून मला उठवायला संग्राहकांना हात द्यावा लागला. नेहमीच्या जिनावर बसणाऱ्या पुरुषाला एवढी पकड मिळत नाही. त्याची सगळी भिस्त तोलावर आणि गुडघ्यांवर.

मग तोटा कुठे? तो इतरत्र आहे. घोड्याला पायांनी इशारे द्यायचे असतात आणि इथे उजवी बाजू मुकी, म्हणून त्या हातात छडी धरावी लागते. पायांचा भार डावीकडे असल्यानं जीन त्या बाजूला सरकू पाहतं. त्यासाठी तंगाखेरीज आणखी एक तिरपा पट्टा मागून आवळावा लागतो. तो नीट नसेल तर घोड्याची पाठ सोलून निघते. एकटीनं चढणं अवघड, कुणीतरी डावं पाऊल हातावर घेऊन वर उचलावं लागतं. आणि सर्वांत वाईट म्हणजे घोडाच कोसळला तर ती पकड सुटत नाही, बाई घोड्याखाली सापडते.

आता पहिला प्रश्न : हे आलं कुठून?

इंग्लंडमध्ये याचं खापर पिढ्यान्‌पिढ्या एका परदेशी सुनेवर फोडलं गेलं. बोहेमियाची राजकन्या ॲन १३८२ साली दुसऱ्या रिचर्ड राजाशी लग्न करायला युरोप ओलांडून आली, ती आडवी बसून, असं सांगतात. त्या वेळचं जीन म्हणजे घोड्यावर बांधलेली खुर्ची. पाय ठेवायला फळी, तोंड बाजूला, लगाम दुसऱ्याच्या हातात. यात स्वारी कसली? ती घोड्यावरची पालखी. बरं, सगळ्या बायका तशा बसू लागल्या म्हणावं तर तेही नाही. इंग्रज कवी चॉसरच्या ‘कँटरबरी टेल्स’ची एल्समियर हस्तलिखितातली चित्रं पंधराव्या शतकाच्या सुरुवातीची आहेत. त्यांत पाच नवऱ्यांची ती फटकळ, बाथ गावची बाई खुशाल दोन बाजूंना पाय टाकून, टाचांना काटे लावून बसलेली आहे. मठातली प्रतिष्ठित बाई मात्र आडवी. म्हणजे प्रश्न बाईपणाचा कमी आणि इभ्रतीचा जास्त होता. जिच्या घोड्याचा लगाम दुसरा धरतो ती मोठ्या घरची. शिवाय मोठ्या घरच्या लग्नाळू मुलींच्या कौमार्याची काळजी होतीच, आणि घेरदार झगे होते.

सोळाव्या शतकात फ्रान्सची राणी कॅथरीन द मेदिची हिनं फळी टाकून दिली आणि उजवा पाय जिनाच्या पुढच्या उंचवट्याला अडकवून तोंड पुढे केलं, असं परंपरा सांगते. श्रेय तिचं असो की तिच्या एखाद्या अनाम मोतद्दाराचं, या एका बदलानं लगाम बाईच्या हातात आला. पण चौखूर उधळणं आणि उड्या मारणं शक्य झालं ते १८३० च्या सुमारास, ते खालचं वळलेलं शिंग आलं तेव्हा. त्याचं श्रेय ज्यूल पेलिए या फ्रेंच अश्वशिक्षकाला देतात.

आणि आता मी ज्या गोष्टीसाठी हा सगळा लेख वाकडा वळवला, ती. पेलिएचं शिंग अजून नवं होतं त्या दिवसांत, १८३५ साली, गंगेकाठी फतेहगडला दोन जिनांची गाठ पडली.

एका बाजूला होती फॅनी पार्क्स. नवरा अलाहाबादला कंपनीच्या नोकरीत, ही मात्र हिंदुस्थानी बोलणारी, सतार वाजवणारी, एकटीनं होडीतून भटकणारी. दुसऱ्या बाजूला बायजाबाई शिंदे. कागलच्या घाटग्यांची लेक, सर्जेराव घाटग्यांची मुलगी, दौलतराव शिंद्यांची विधवा. दौलतराव १८२७ साली वारल्यावर सहा वर्षं त्यांनी ग्वाल्हेरचा कारभार पाहिला आणि १८३३ मध्ये दत्तक पुत्र जनकोजीरावांशी बिनसल्यावर त्यांना राज्य सोडावं लागलं. फतेहगडला त्यांचा तळ पडला होता आणि त्यांच्याबरोबर नात गजराजा होती. आजी काय, नात काय, दोघी पक्क्या घोडेस्वार.

फॅनीनं पुढे १८५० मध्ये छापलेल्या आपल्या प्रवासवर्णनात या भेटी रंगून सांगितल्या आहेत. बोलणं घोड्यांवर आलं. इंग्रज बायका एकीकडे पाय टाकून बसतात याचं बायजाबाईंच्या गोटात भारी नवल. तेव्हा फॅनीनं आपला घोडा साइडसॅडलसकट जनान्यात आणवला आणि मराठी बायकांनी तो चढून पाहिला. मग फॅनीची पाळी. मराठी जीन, लोखंडाच्या मोठ्या रिकिबी, पाय दोन्ही बाजूंना. आवाराला एक दौड मारून झाली आणि फॅनीला पहिल्या एलिझाबेथ राणीचा राग आला! बायकांच्या बसण्याची रीत बदलून तिनं शुद्ध मूर्खपणा केला, अशी नोंद फॅनीनं केली. ही बैठक तिला अगदी निर्धास्त वाटली. तेवढ्यात कुठल्याशा आडोशातून एका पुरुषाचा आवाज आला, शाबासकी देणारा. जनान्यात पुरुष कोण, हे तिला शेवटपर्यंत कळलं नाही.

इतिहास म्हणून पाहिलं तर फॅनीनं भलत्याच राणीला धारेवर धरलं. एलिझाबेथच्या पावणेदोनशे वर्षं आधी ॲन येऊन गेली होती. पण निदान अचूक होतं : ही बैठक घोड्यासाठी नव्हे, दरबारासाठी घडवली गेली.

त्याच पुस्तकात फॅनीनं मराठी लुगड्याचंही बारकाईनं वर्णन केलंय. भलं लांब कापड, त्याचा काष्टा मागे खोचला की घागरा आणि विजार दोन्हींची कामं होतात, असं तिनं टिपलं. या लुगड्याविषयी हल्ली एक गोष्ट लग्नाच्या हॉलपासून मोबाइलपर्यंत फिरते की नऊवारी घोड्यावर बसण्यासाठीच निर्माण झाली. मला ती मान्य नाही. कोकणात गुडघाभर चिखलात भात लावणाऱ्या बाईनं जन्मात घोडा शिवलेला नसतो, तरी काष्टा तिचाही असतो. अंगमेहनतीच्या कामाला सोयीचं वस्त्र ते. घोडेस्वारी हे त्यातलंच एक काम, एवढंच. मात्र फरक पडला तो इथेच. युरोपात वस्त्र बदलायचं नाही म्हणून जीन बदललं. आपल्याकडे वस्त्र आधीच बरं होतं, म्हणून जिनाला कुणी हात लावला नाही.

बायजाबाईंवरून आणखी एक धागा निघतो. १८५७ साली त्यांनी मथुरेला मोठा यज्ञ योजला, त्याची वार्ता रायगड जिल्ह्यातल्या वरसईपर्यंत गेली आणि दक्षिणेच्या आशेनं विष्णुभट गोडसे उत्तरेकडे निघाले. सापडले बंडाच्या धामधुमीत, पोहोचले झाशीला. म्हणजे एका घोडेस्वार मराठी बाईच्या यज्ञाला निघालेला भटजी दुसरीच्या आश्रयाला गेला. ‘माझा प्रवास’मध्ये लक्ष्मीबाईंची जी जिवंत माहिती आहे ती या योगायोगामुळे. काल्पीच्या वाटेवर विहिरीपाशी त्यांना राणी भेटते तेव्हा ती पठाणी पोशाखात आहे, धुळीनं माखलेली, तहानलेली. भटजी पाणी काढून द्यायला पुढे होतात, तर विद्वान ब्राह्मणाला कष्ट नकोत म्हणून ती स्वतःच दोर ओढते. झाशीहून निसटून तिनं काल्पी गाठली, ते अंतर दीडशे किलोमीटरच्या आसपास आहे. साइडसॅडलवरून रात्रीच्या अंधारात, मोतद्दाराच्या हाताशिवाय चढून-उतरून, ही दौड कशी झाली असती याचा विचार वाचकांनीच करावा.

म्हणून युरोपातल्या बायका कच्च्या होत्या असं समजू नका. माझा तर त्यांच्यावर जीव आहे. वाकडं जीन गळ्यात मारलं आणि त्यांनी त्याचीच विद्या केली. ऑस्ट्रियाची सम्राज्ञी एलिझाबेथ, लाडानं ‘सिसी’, १८७० च्या दशकात कोल्ह्यांच्या शिकारीमागे इंग्लंड-आयर्लंडची कुंपणं आणि खंदक उड्या मारत पार करायची. पोशाख अंगासरसा बसावा म्हणून तो तिच्या अंगावरच शिवला जाई. याच सुमाराला इतर बायका पोशाखापायी मरतही होत्या. पडलं की घेर शिंगात अडकायचा आणि घोडा बाईला फरफटत न्यायचा. त्यावर उपाय म्हणून ताण पडताच सुटणारा घागरा निघाला. पुढे तर तो नुसता समोरून बांधायचा पडदा झाला आणि आत चक्क विजार. मर्यादा फक्त बघणाऱ्याच्या बाजूला शिल्लक राहिली. आणि १९१५ साली सिडनीच्या ईस्टर मेळाव्यात एस्थर स्टेस या ऑस्ट्रेलियन बाईनं ‘एमू प्लेन्स’ नावाच्या घोड्यावरून साइडसॅडलवर ६ फूट ६ इंचांची उडी मारली. घरात उभे राहून दाराच्या चौकटीकडे बघा, म्हणजे कल्पना येईल.

काहींनी मात्र ते वाकडं जीनच टाकलं. इसाबेला बर्ड ही इंग्रज प्रवासी पाठीच्या दुखण्यानं त्रासलेली. १८७३ साली हवाई बेटांवर तिथल्या बायकांसारखी ती दोन बाजूंना पाय टाकून बसली आणि पाठीनं कुरकुर थांबवली. पुढे रॉकी पर्वतात शेकडो मैल तशीच फिरली. कोलोरॅडोत एखादी वस्ती जवळ आली की उतरायचं, लांब झगा चढवायचा आणि आडवं बसून गावात शिरायचं! पहिल्या महायुद्धानंतर हा लपंडाव हळूहळू संपला.

तरी त्या जुन्या बैठकीला शेवटची दाद द्यायलाच हवी. १३ जून १९८१ रोजी लंडनच्या वार्षिक संचलनात इंग्लंडची राणी दुसरी एलिझाबेथ ‘बर्मीज’ या काळ्या घोडीवर साइडसॅडलवर बसून चालली होती. गर्दीतल्या एका तरुणानं तिच्या दिशेनं सहा गोळ्या झाडल्या. त्या फुसक्या होत्या, पण घोडीला ते कोण सांगणार? ती बिथरली. पंचावन्न वर्षांच्या राणीची मांड हलली नाही. क्षणात तिनं घोडी आवरली, मान थोपटली आणि संचलन पुढे चालू. १९८६ मध्ये बर्मीज निवृत्त झाल्यावर राणीनं त्या संचलनात घोड्यावर बसणं सोडून दिलं.

तेव्हा कोल्हापूरच्या भगिनींना उत्तर असं : त्या तशा बसत, कारण दरबाराला तसं हवं होतं. सहसा पडत नसत, कारण शिंगांची पकड होती आणि त्या कसलेल्या होत्या.

आता एक विनंती. ग्वाल्हेर, इंदूर, बडोदा, देवास, कोल्हापूर, सांगलीकडच्या पुष्कळ घरांत संस्थानी काळातले फोटो अजून असतील. त्यात कुणाची पणजी घोड्यावर असेल तर तिचे पाय कुठे आहेत ते बघा आणि मला कळवा. साहेबी वळण लागल्यावर आपल्यापैकी किती जणी मांड सोडून साइडसॅडलवर गेल्या, हे मला जुळवायचं आहे. चिनी पोलो पुढच्या आठवड्यात, नक्की.