अख्ख्या गव्हाचे सारण : थँक्सगिव्हिंगच्या ताटातील एक रास्त सुधारणा

अमेरिकेत नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी घरोघर जे जेवण मांडले जाते, त्यात मान टर्कीचा असला तरी मंडळी पुन्हा मागून घेतात ते बहुधा स्टफिंग. वाळवलेल्या ब्रेडचे तुकडे, लोण्यात परतलेला कांदा आणि सेलरी, सेज आणि थाइमचा पाला, थोडे अंडे आणि हे सगळे भिजेल इतका स्टॉक, एवढ्यावर हे सारण उभे राहते. न्यू जर्सीपासून कॅलिफोर्नियापर्यंत पसरलेल्या मराठी घरांतही हा सण मुलांच्या शाळेतून आणि शेजारातून आत आला आहे. त्यामुळे हे सारण पौष्टिक कसे करावे हा प्रश्न आता आपल्याही लोकांचा आहे. त्यावरचे सर्वांत सोपे उत्तर म्हणजे मैद्याच्या ब्रेडऐवजी अख्ख्या गव्हाचा, म्हणजे होल व्हीट ब्रेड घ्यावा. हे उत्तर बरोबर आहे असे माझे मत आहे, आरोग्यासाठी आणि चवीसाठीही. मात्र ब्रेड बदलला की काम संपले, ही समजूत चुकीची आहे. भांड्यातल्या लोण्याचा, मिठाचा आणि भाज्यांचा हिशेब बदलला नाही, तर गव्हाच्या ब्रेडचे श्रेय पाकिटावरच राहते, पानापर्यंत पोहोचत नाही.

पहिला आक्षेप परंपरेचा असतो. सणाचा पदार्थ आहे, तो आजीने केला तसाच व्हावा, असे अमेरिकन माणूसही म्हणतो. पण या परंपरेचा इतिहास पाहिला तर ती कधीच एका जागी थांबलेली नाही. 1621 साली प्लिमथ येथे इंग्रज वसाहतकरी आणि तिथले मूळ रहिवासी असलेले वाम्पानोआग लोक एकत्र जेवले, त्या जेवणाला या सणाचे मूळ मानतात. त्या वर्षी वसाहतीला हात दिला तो मक्याच्या पिकाने. आज ओळखतो तसे गव्हाच्या ब्रेडचे स्टफिंग तिथे असल्याचा पुरावा नाही. अमेरिकन लेखिकेने लिहिलेले पहिले पाकपुस्तक मानले जाते ते अमेलिया सिमन्सचे ‘अमेरिकन कुकरी’, 1796 मधले. त्यात टर्कीच्या सारणासाठी किसलेला गव्हाचा पाव, पाव पौंड लोणी, पाव पौंड खारवलेले डुकराचे मांस, दोन अंडी आणि सेजसारखा सुगंधी पाला सांगितला आहे. पुढे सारा जोसेफा हेल यांनी 1827 च्या ‘नॉर्थवुड’ या कादंबरीत थँक्सगिव्हिंगचे सविस्तर जेवण रंगवले आणि टर्कीबरोबर सारणालाही जागा दिली. याच हेल बाईंनी हा सण राष्ट्रीय व्हावा म्हणून वर्षानुवर्षे पाठपुरावा केला आणि 1863 मध्ये लिंकन यांनी तशी घोषणा केली. चौथा गुरुवार कायद्याने ठरला तो तर 1941 मध्ये. दरम्यान प्रत्येक प्रदेशाने आपल्या शिवारात पिकेल आणि पाण्यात मिळेल ते सारणात घातले. दक्षिणेत मक्याचा ब्रेड, न्यू इंग्लंडच्या किनाऱ्यावर कालवे, पेनसिल्व्हेनियातल्या जर्मन वंशीयांकडे बटाटा, मिनेसोटात जंगली तांदूळ. मग अख्खा गहू घातल्याने परंपरा मोडते, असे कसे म्हणता येईल?

उलट, आजचा पांढराशुभ्र ब्रेडच या परंपरेत उशिरा आला. पांढऱ्या पिठाची हौस जुनी आहे. श्रीमंतांच्या घरी चाळलेल्या पिठाचाच पाव जाई. परंतु दगडी जात्यावर दळलेल्या पिठातून कोंडा आणि अंकुर पुरते वेगळे काढणे अवघड असे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत मिनियापोलिसच्या गिरण्यांनी पोलादी रोलर स्वीकारले आणि मैदा स्वस्त, टिकाऊ व सर्वत्र उपलब्ध झाला. गव्हाच्या दाण्यात सुमारे 83 टक्के पिष्टमय गर, 14 टक्क्यांच्या आसपास कोंडा आणि अडीच टक्के अंकुर असतो. मैदा करताना टाकला जाणारा हा सहावा हिस्सा वजनाने लहान आहे, पण दाण्यातला बहुतेक तंतू आणि ब जीवनसत्त्वांचा व खनिजांचा मोठा वाटा त्यातच असतो. हे नुकसान इतके जाणवले की 1941 पासून अमेरिकेत मैद्यात थायामिन, नायसिन, रायबोफ्लेविन आणि लोह परत मिसळले जाऊ लागले. 1998 पासून त्यात फॉलिक आम्लही घालणे बंधनकारक झाले. तंतू मात्र कोणी परत घातला नाही. दरम्यान 1972 मध्ये जनरल फूड्स या कंपनीने ‘स्टोव्ह टॉप’ नावाचे खोक्यातले झटपट स्टफिंग आणले. रूथ सीम्स यांनी ब्रेडच्या चुऱ्याचा नेमका आकार शोधून ते शक्य केले होते. सोय झाली, यात शंका नाही. पण चव ठरवण्याचा आणि मीठ हाताने घालण्याचा अधिकार स्वयंपाकघरातून कारखान्यात गेला.

आता पोषणाचा हिशेब. दहा माणसांच्या सारणाला साधारण 450 ग्रॅम ब्रेड लागतो. पांढऱ्या ब्रेडमधून तेवढ्यात 12 ग्रॅमच्या आसपास तंतू मिळतो, गव्हाच्या ब्रेडमधून 27 च्या आसपास. म्हणजे माणशी फरक झाला दीड ग्रॅमचा. प्रौढ माणसाला दिवसाला 25 ते 30 ग्रॅम तंतू हवा असे धरले, तर ही कमाई थोडीच आहे. शिवाय दाणे भरड न ठेवता बारीक दळलेल्या कणकेचा ब्रेड रक्तातली साखर पांढऱ्या ब्रेडइतक्याच वेगाने वाढवतो. दोन्हींचा ग्लायसेमिक निर्देशांक जवळपास सारखा, सत्तरीच्या पुढे आहे. मधुमेह असलेल्याने गव्हाचा म्हणून दुप्पट वाढून घ्यावे असे त्यात काही नाही. ज्यांना वाटते की केवळ ब्रेड बदलणे हे मनाचे समाधान आहे, त्यांचा आक्षेप इथपर्यंत खरा आहे.

पण हाच आक्षेप पुढचा मार्ग दाखवतो. त्याच भांड्यात 300 ग्रॅम कांदा, 200 ग्रॅम सेलरी, 200 ग्रॅम मशरूम आणि सालासकट दोन सफरचंदे घातली, तर तंतूत आणखी 18 ग्रॅमच्या आसपास भर पडते आणि माणशी वाटा साडेचार ग्रॅमवर जातो. पांढरा ब्रेड आणि तेवढाच कांदा-सेलरी घेऊन केलेल्या नेहमीच्या सारणात तो दोन ग्रॅमच्या घरात असतो. चरबीचे गणित याहून बोलके आहे. जुन्या पद्धतीत लोण्याची एक कांडी, म्हणजे 113 ग्रॅम लोणी जाते. त्यात संपृक्त चरबी 58 ग्रॅमच्या आसपास असते, माणशी जवळजवळ सहा ग्रॅम. त्याऐवजी दोन मोठे चमचे लोणी आणि दोन मोठे चमचे ऑलिव्ह तेल घेतले की ती माणशी दोन ग्रॅमच्या आत येते आणि लोण्याचा वासही राहतो. अमेरिकन हार्ट असोसिएशन 2000 कॅलरींच्या आहारात संपृक्त चरबी 13 ग्रॅमच्या आसपास ठेवायला सांगते, त्यापुढे ही बचत नजरेत भरणारी आहे. मिठाचेही तसेच. दिवसाची मर्यादा 2300 मिलिग्रॅम सोडियम, म्हणजे सुमारे एक छोटा चमचा मीठ. डब्यातल्या नेहमीच्या चिकन स्टॉकच्या एका कपातच 800 मिलिग्रॅमच्या पुढे सोडियम असू शकते आणि ब्रेडमध्ये मीठ आधीच असते. म्हणून स्टॉक बिनमिठाचा घ्यावा, शक्यतो घरी कांदा, गाजर, सेलरीची देठे आणि मशरूम उकळून करावा आणि मीठ शेवटी चव घेऊन घालावे.

चवीचा आक्षेप सर्वांत जोरात मांडला जातो: गव्हाचे सारण कडवट लागते आणि गिचका होतो. दोन्ही तक्रारींना कारणे आहेत आणि दोन्हींवर इलाजही आहे. कोंड्यातल्या द्रव्यांमुळे गव्हाच्या ब्रेडला किंचित तुरट, कडसर चव असते. मैद्याला स्वतःची चव जवळपास नसल्याने त्याला लोणी आणि मिठाचा आधार लागतो. गव्हाला दुसऱ्या गोष्टींचा लागतो. मंद आचेवर तांबूस होईपर्यंत परतलेल्या कांद्याची गोडी, सफरचंदाचा आंबटगोडपणा, मशरूमचा खमंगपणा आणि सेजचा उग्र वास यांच्यासमोर तो तुरटपणा दबत नाही, जुळून येतो. अक्रोड किंवा चेस्टनट घातले तर अधिकच. अंकुरातले तेल लवकर खवट होते, त्यामुळे शिळा वास येणारा ब्रेड मात्र सुगंधी पाल्याने झाकण्याचा प्रयत्न करू नये; तो घेऊच नये.

गिचका होण्याचे कारण कोंड्यात आहे. कोंड्याचे कण ग्लुटेनची जाळी तोडतात, म्हणून गव्हाच्या ब्रेडचा गर जास्त ठिसूळ असतो. कोंडा पाणी सावकाश पितो, पण बरेच पितो. यावर तोड अशी: तुकडे दोन सेंटिमीटरचे, जरा मोठेच कापावेत. ते नुसते आदल्या दिवशी उघडे ठेवून भागत नाही, कारण शिळ्या ब्रेडमधले पिष्ट कडक झाले तरी ओलावा बराचसा आतच राहतो. 130 अंश सेल्सियसच्या आसपास ओव्हनमध्ये पाऊण ते एक तास ठेवून, मधून मधून हलवून, ते आतपर्यंत कोरडे करावेत. मग दोन फेटलेली अंडी आणि दोन ते अडीच कप स्टॉक एकदम न ओतता दोन-तीन वेळा घालावा, हलक्या हाताने वर-खाली करावे आणि पंधरा मिनिटे थांबावे. कोंड्याला हा वेळ हवाच असतो. तुकडा दाबल्यावर मऊ लागावा, पण भांड्याच्या तळाशी पाणी साचू नये. 180 अंशांवर अर्धा तास झाकून आणि वीस मिनिटे उघडे भाजले की वरून कुरकुरीत, आतून ओलसर असे सारण तयार होते. ज्यांनी शिळ्या पोळीच्या कुस्कऱ्याला नेमका किती पाण्याचा हबका द्यायचा हे हाताने ओळखले आहे, त्यांना यात फार शिकायचे उरत नाही.

सारण पक्ष्याच्या पोटात भरूनच करावे, नाहीतर ते खरे नव्हे, असेही म्हणतात. पोटातल्या सारणात टर्कीचा रस मुरतो हे खरे. पण त्याबरोबर कच्च्या मांसातले जंतूही मुरतात. अमेरिकेचे कृषी खाते सांगते की सारणाचा मध्यभाग 74 अंश सेल्सियसपर्यंत तापलाच पाहिजे. पोटातले सारण त्या अंशाला येईपर्यंत टर्कीचे छातीचे मांस अनेकदा कोरडे पडते. दक्षिणेत पिढ्यानपिढ्या सारण वेगळ्या भांड्यात भाजले जाते, म्हणजे या पद्धतीलाही परंपरेचा आधार आहे. शाकाहारी घरांना तर ती वरदानच आहे: भाज्यांचा स्टॉक घेतला आणि अंड्याऐवजी पाण्यात भिजवलेली जवसाची पूड वापरली, की हाच पदार्थ टर्कीच्या शेजारची पुरवणी न राहता ताटातले मुख्य अन्न होऊ शकतो. उरलेले सारण दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जावे आणि तीन-चार दिवसांत संपवावे.

शेवटचा आक्षेप सणाच्या अंगाने येतो: वर्षातला एक दिवस, त्यातही पथ्य कशाला? या प्रश्नामागे एक जुना घाव आहे. 1837 मध्ये ब्रेडवर ग्रंथ लिहिणारे सिल्व्हेस्टर ग्रॅहॅम यांनी कोंड्यासकट पिठाचा आग्रह धरला, पण त्याला नीतिमत्तेची आणि संयमाची अशी जोड दिली की अख्खा गहू म्हणजे शिक्षा, ही भावना अमेरिकेत रुजली. तिचा वारसा आपण घेण्याचे कारण नाही. आपल्या घरात गहू रोज पोळीच्या रूपाने पानात असतो आणि त्याला कोणी पथ्य म्हणत नाही. गोव्याची कोंडा लावलेली पोईही आजारी माणसाचे अन्न नसते. एक दिवस कोणाचे आरोग्य घडवत नाही आणि बिघडवतही नाही, हे मान्य. पण सणाची पाककृती घरात वारशासारखी जाते; मुले ती शिकतात आणि इतर दिवशीही करतात. त्यात दक्षिण आशियाई लोकांना तुलनेने कमी वजनावरच मधुमेह गाठतो, म्हणून अमेरिकन डायबेटिस असोसिएशनने 2015 मध्ये आशियाई वंशाच्या अमेरिकनांची तपासणी बीएमआय 23 पासूनच सुरू करावी असे सुचवले. ज्या समाजाची प्रकृती अशी आहे, त्याने परक्या सणाची पाककृती उचलताना तिच्यातले लोणी आणि मीठ जसेच्या तसे उचलावे, याला काही कारण नाही.

निष्कर्ष असा की अख्ख्या गव्हाचे सारण ही तडजोड नसून अधिक चांगली पाककृती आहे, मात्र ब्रेड खरा असेल तरच. अमेरिकेत ‘व्हीट ब्रेड’ या नावाखाली बहुतांश मैद्याचा ब्रेड विकता येतो; ‘होल व्हीट ब्रेड’ या नावाच्या ब्रेडमध्ये मात्र नियमाने पांढरे पीठ चालत नाही. तपकिरी रंग तर काकवीने किंवा कॅरॅमलनेही येतो, आपल्याकडच्या ब्राऊन ब्रेडलाही हे लागू आहे. म्हणून यंदा सारण करणार असाल तर रंगावर आणि नावावर न जाता पाकिटामागची घटकांची यादी वाचा. पहिला घटक अख्ख्या गव्हाचे पीठ असेल तरच पाकीट उचला, आणि लोण्याची अर्धी कांडी दुकानातच ठेवून त्या पैशांची दोन सफरचंदे घ्या.