मातीवरचा खेळ, मॅटवरची कमाई

भातकापणी उरकली, खळी मोकळी झाली की रोहा-पेणच्या गावांत कबड्डीचे दिवस सुरू होतात. मुंबई-गोवा महामार्गावर नागोठणे आणि कोलाड यांच्या मधलं खांब आणि त्याची पंचक्रोशीही त्यातच आली. मंडळाची पोरं शेताचा एखादा सपाट तुकडा धरतात, ढेकळं फोडतात, माती चाळून पसरतात, पाणी मारून रोलर फिरवतात आणि फक्कीने रेघा आखतात. दिवे लागले की लाऊडस्पीकरवर संघांची नावं पुकारली जातात. धाटावच्या कारखान्यात दिवसपाळी करून आलेला गडी रात्री उजवा कोपरा सांभाळतो आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा पाळीवर हजर होतो.

या खेळावर घर चालतं का, हा प्रश्न इथल्या आईबापांना पडतोच. पोरगा चांगला चढाईपटू निघाला की अभिमान वाटतो आणि त्याच क्षणी काळजीही लागते. या प्रश्नाचं जुनं उत्तर होतं नोकरी. २०१४ नंतर त्याला दुसरं उत्तर मिळालं, लिलावात बोली लावून खेळाडू घेणारी प्रो कबड्डी लीग. माझं मत स्पष्ट आहे. दुसऱ्या उत्तराने खेळाला चेहरा दिला, पण खेळाडूचं घर आजही पहिल्याच उत्तरावर उभं आहे.

कबड्डीमहर्षी बुवा साळवी यांनी हा खेळ संघटनेच्या शिस्तीत बसवण्यासाठी आयुष्य वेचलं. त्यांचा जन्मदिवस, १५ जुलै, महाराष्ट्रात कबड्डी दिन म्हणून पाळला जातो. त्यांच्या काळात खेळाडूला पैसा देणारं एकच दार होतं. बँका, रेल्वे, पोलीस, एअर इंडिया, महिंद्र, भारत पेट्रोलियम यांचे व्यावसायिक संघ. गावच्या मैदानावर कुणीतरी हेरायचं, मुंबईच्या एखाद्या मंडळातून खेळवायचं आणि दोन-तीन मोसम बरे गेले की पत्र यायचं. १९९० मध्ये बीजिंगच्या आशियाई स्पर्धेत कबड्डीला पहिल्यांदा पदकाचा दर्जा मिळाला. सुवर्ण जिंकणाऱ्या त्या भारतीय संघात महाराष्ट्राचे अशोक शिंदे होते. १९९४ चा अर्जुन पुरस्कारही त्यांना मिळाला. त्या पिढीला लिलाव हा शब्द फक्त घरादाराच्या जप्तीतून माहीत होता.

२६ जुलै २०१४ ला वरळीच्या एनएससीआय संकुलात यू मुम्बा आणि जयपूर पिंक पँथर्स यांच्यात प्रो कबड्डीचा पहिला सामना झाला. त्या वर्षीच्या लिलावात सर्वांत महाग ठरलेल्या राकेश कुमारला १२ लाख ८० हजार मिळाले होते. २०२३ मध्ये पवन सेहरावतची बोली २ कोटी ६० लाखांवर गेली. आपल्या माणसांत सिद्धार्थ देसाईची चढण सर्वांत उभी. कोल्हापूर जिल्ह्यातल्या चंदगड तालुक्याचा हा गडी. २०१८ मध्ये यू मुम्बाने त्याला ३६ लाख ४० हजारांना घेतलं. त्या मोसमात त्याने चढायांत दोनशेहून अधिक गुण लुटले आणि पुढच्याच वर्षी तेलुगू टायटन्सने १ कोटी ४५ लाख मोजले. मग २०२० चं पर्व करोनाने गिळलं. डिसेंबर २०२१ मध्ये खेळ पुन्हा सुरू झाला, तेव्हा तीन सामन्यांनंतर खांद्याच्या दुखापतीने तो बाहेर गेला.

चढाई जवळून पाहिली की अशा दुखापती का होतात ते कळतं. तेरा मीटर लांब आणि दहा मीटर रुंद मैदान, तीस सेकंदांची मुदत. दोन चढाया रिकाम्या गेल्या की तिसरी ‘करो या मरो’. गडी बोनसची रेघ ओलांडायला पाय टाकतो, कोपरा खाली झुकून घोटा धरतो, मधला अंगावर डॅश मारतो. पाय एकीकडे अडकलेला आणि धड दुसरीकडे फेकलं गेलेलं. सगळा पीळ गुडघ्यावर येतो. मातीत पाय थोडा घसरतो. मॅटवर बूट चिकटून राहतो. आयुष्यभर अनवाणी खेळलेल्या मुलाला हा फरक अंगवळणी पाडायला वेळ लागतो, आणि त्या वेळात गुडघा गेला तर बोली लावायला कुणी थांबत नाही.

जानेवारी २०१९ च्या अखेरीस ६६ वी पुरुषांची राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा थेट रोह्यात भरली. प्रो कबड्डीचं सहावं पर्व ५ जानेवारीला संपलेलं, त्यामुळे देशभरातले नावाजलेले संघ कुंडलिका नदीच्या काठी आले तेव्हा लोकांच्या डोळ्यांसमोर टीव्हीवरचे सामने ताजे होते. अजिंक्यपद रेल्वेने पटकावलं, उपविजेते ठरले सेनादल. मला यातली महत्त्वाची वाटते ती गोष्ट ही, की अंतिम फेरीतले दोन्ही संघ पगार देणाऱ्या खात्यांचे होते. त्याच्या आदल्या वर्षी हैदराबादला महाराष्ट्राने सेनादलाला ३४-२९ असं हरवून अकरा वर्षांनी राष्ट्रीय विजेतेपद आणलं होतं. त्या संघाचा कर्णधार रिशांक देवाडिगा हाही भारत पेट्रोलियमचाच.

त्याच २०१९ च्या ऑक्टोबरात, ४ आणि ५ तारखेला, वरळीच्या त्याच संकुलात अमेरिकेच्या एनबीएचे इंडियाना पेसर्स आणि सॅक्रामेंटो किंग्ज बास्केटबॉल खेळले. तिकडे एका संघाला मोसमात नियमित ८२ सामने. आपल्या लीगमध्ये त्या वर्षी प्रत्येक संघाला साखळीत २२ सामने, जुलै ते ऑक्टोबर. तिथला खेळाडू करारावर वर्ष काढतो. इथल्या गड्याला उरलेले आठ-नऊ महिने तालीम, खुराक, मालिश आणि घरखर्च सांभाळायचा असतो. करोनाच्या वर्षात लीग झालीच नाही, तेव्हा ज्याच्या नावावर सरकारी किंवा कंपनीची हजेरी होती त्याचा पगार बँकेत येत राहिला.

म्हणूनच पुणेरी पलटणने १ मार्च २०२४ ला हरियाणा स्टीलर्सला २८-२५ असं नमवून विजेतेपद मिळवलं आणि नगर जिल्ह्यातला कर्णधार अस्लम इनामदार चषक उंचावताना दिसला, तेव्हा आनंद झाला तसा आग्रहही वाढला. क्रीडा कोट्यातल्या जागा वेळेवर भरा. कंपन्यांनी बंद केलेले संघ पुन्हा उभे करा. धाटाव, नागोठणे, डोलवी इथे एवढे मोठे कारखाने आहेत. त्यांनी परिसरातल्या दहा-दहा मुलांना नोकरीसह खेळवलं तर रोहा-पेणचं चित्र बदलेल.

मुलींचा हिशेब तर याहून तोकडा. २०१२ मध्ये पाटण्याला भारताने महिलांचा विश्वचषक जिंकला. त्या संघात महाराष्ट्राच्या सुवर्णा बारटक्के, दीपिका जोसेफ आणि अभिलाषा म्हात्रे होत्या. राज्य सरकारने तिघींना प्रत्येकी एक कोटी जाहीर केले. २०१६ मध्ये प्रो कबड्डीच्या जोडीने मुलींची तीन संघांची स्पर्धा झाली. अंतिम सामना एका गुणाने सुटला, इतका चुरशीचा. पुढच्या वर्षी पुरुषांच्या लीगमध्ये आठाचे बारा संघ झाले आणि मुलींची ती स्पर्धा पुन्हा भरली नाही.